वीस मिनिटं कमी

मृणालिनी पॅरिसमध्ये मादाम इव्हेट यांच्या हाताखाली चित्रपटांचं संकलन शिकली. आधी नुसते फिल्मचे तुकडे लावून ठेवायचे; पुढे मादामच म्हणू लागल्या, "हा प्रसंग तू जुळव, मी बघणार नाही." मग लग्न झालं आणि १९८३ साली ती गुरुदत्तकडे न्यू जर्सीला आली. त्याची पीएच.डी. अजून चालू होती. फ्रेंच चित्रपट आणून दाखवणाऱ्या न्यूयॉर्कच्या एका छोट्या कंपनीत तिला नोकरी लागली, आणि दोघांच्या ग्रीन कार्डाची सगळी भिस्त त्या नोकरीवर राहिली.

हिवाळ्यात मालकानं तिच्यापुढे एका चित्रपटाचे डबे ठेवले. "आमचे लोक इतका वेळ बसत नाहीत. वीस मिनिटं काढ."

डब्यावरचं नाव तिनं दोनदा वाचलं. चित्रपट मादामचा. विधवा बाई सफरचंद सोलत बसते, तो लांबलचक मुका प्रसंग तर तिनंच जुळवलेला.

"मी 'नाही' म्हणणार आहे," ती घरी म्हणाली.

"म्हण की. मग बॅगा पॅक करू," गुरुदत्त म्हणाला. "अगं, कुणीतरी कट करणारच ना यार? तुझ्याऐवजी एखादा खाटीक करेल."

तिनं पॅरिसला फोन लावला. किती मिनिटं काढायची, ते मादामनी विचारून घेतलं. "तूच काप," शेवटी त्या म्हणाल्या. "कुठं दुखेल ते तुला ठाऊक आहे."

सफरचंदाचा प्रसंग आधी गेला. तो ठेवून दुसरं काही काढलं तर गोष्टच कळेना. चित्रपट बघून मालक खूष. "काही काढलंय असं वाटतच नाही! तुझं नाव टाकू?"

"नको."

गुरुदत्त हिरमुसला. "आईला कॅसेट पाठवली असती ना!"

चित्रपट चालला, म्हणून दुसरा आला, तिसरा आला. फ्रेंच चित्रपट लांबला की 'त्या इंडियन बाईकडे द्या', असं इतर कंपन्याही म्हणू लागल्या.

८७ साली ग्रीन कार्ड हातात पडलं. तिनं लगेच संकलनाच्या नोकरीसाठी दोन ठिकाणी अर्ज केले. दोन्हीकडे एकच मागणी : तुम्ही स्वतः जुळवलेला चित्रपट दाखवा. तिच्याकडे होते ते कापलेले, तेही बिननावाचे.

त्याच सुमारास मादामचा नवा चित्रपट कंपनीत कापायला आला. तिनं पुन्हा पॅरिसला फोन लावला.

"मादाम कामात आहेत," कुणी मुलगी म्हणाली. मागे फिल्म पळत असल्याचा आवाज येत होता. मग तो थांबला. "काही निरोप?"

"नाही."

मालक दारात उभा होता. "या वेळी जरा जास्त काढ," तो म्हणाला.

तिनं पहिला डबा उघडला.