शिमग्यातली सही

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. पण आधी आमचा विजय सांगू द्या — तो खरा आहे!

आमची वाडी पोलादपूरच्या वर, डोंगरात. दरड घरांच्या पाठीशी येऊन थांबली, तेव्हा हायकोर्टाने हुकूम दिला — वाडीला खाली सपाटीवर भूखंड द्या. मुदत संपली, भूखंड कुठायत? मग आम्ही अवमान याचिका टाकली. वाडीच्या मंडळाचा अध्यक्ष मी, अर्जदारांत पहिलं नाव माझं. आणि काय सांगू — ज्या साहेबांच्या दाराबाहेर आम्ही दिवस दिवस बसायचो, ते कोर्टात हात जोडून उभे! माफी मागितली, पंधरा दिवसांत ताबा दिला. खालू बाजा लावून आम्ही डोंगर उतरलो. सखूकाकी भर रस्त्यात नाचली. "जिंकलो गो! आमच्या भाऊनं सरकार वाकवलान! आता दरडीचा भ्याव नाय!"

मीही नाचलो. का नाही नाचणार?

पण मध्ये, साहेबांच्या माफीच्या आधी, एक कागद होता. हुकूम पाळला हे दाखवायला सरकारने कोर्टात दिलेला — भूखंडांचा ताबा दिल्याचा पंचनामा. साफ खोटा. आणि खाली पंच म्हणून माझी सही.

आमच्याकडे पंचांच्या सह्या आधी होतात, पंचनामा मागाहून लिहिला जातो. शिमग्यात पालखी माझ्या खांद्यावर होती. तलाठी कोरा कागद घेऊन आले, मोजणीसाठी लागेल म्हणाले. त्यांच्या पिशवीवर कागद टेकवून मी एका हाताने सही ठोकली. वाचायला होतंच काय?

पुढे आमच्या वकिलांनी तो पंचनामा दाखवून विचारलं, सही तुमची का? शेजारी वाडीतली माणसं बसलेली. हो म्हणालो असतो तर — भाऊनं वाडी विकली, असंच झालं असतं ना? मी नाही म्हणालो. प्रतिज्ञापत्रावरही तेच लिहून दिलं, अगदी ठसक्यात.

तलाठी निलंबित झाले. खोटा पंचनामा त्यांनीच लिहिला होता, ते त्यांचं पाप. पण खोट्या सहीचा गुन्हाही त्यांच्याच माथी बसला — तो त्यांनी केला नव्हता. कोर्टाच्या जिन्यात त्यांनी एवढंच विचारलं, "भाऊ, पालखी आठवते ना?" मी मान खाली घालून उतरलो.

निकालानंतर वकील सहज बोलून गेले — भूखंड दिले म्हणाले त्या मोकळ्या माळाचे फोटोच पुरेसे होते, सहीचा मुद्दा नसता तरी आपण जिंकलो असतो. म्हणजे माझ्या खोटेपणानं वाडी वाचली नाही. वाचली ती फक्त माझी अब्रू.

ताब्याच्या दिवशी नव्या तलाठीबाईंनी पंचनामा आधी लिहिला, मग माझ्यापुढे ठेवला. मी ओळन् ओळ वाचली, सही केली. "झोकदार आहे हो सही तुमची," त्या म्हणाल्या. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

शिमग्यातली सहीही माझीच होती.