रताळ्यांवरची पाळत

माझा स्वभाव मुळातच संशयी. कुलूप लावल्यावर मी ते दोनदा ओढून बघते आणि स्टँडवर पोचले की तिसऱ्यांदा बघायला परत जावंसं वाटतं. वर्गात दोन मुलींच्या उत्तरांत सारखीच चूक दिसली, तर माझा पुढचा तास नासतो. शाळेत हा गुण खपून जातो, वर कौतुकही होतं. शेजारात मात्र खपत नाही.

माझं घर पिंगळीला आणि नोकरी पालमच्या एका शाळेत. सोमवारी सकाळी निघायचं, आठवडाभर तिथं खोली करून राहायचं आणि शनिवारी एसटीनं परत यायचं. घरात मी एकटीच. त्या वर्षी पावसाळा सरता सरता घरामागच्या जागेत रताळी लावली, ती शेजारच्या मावशींच्या नादानं. मावशी मूळच्या बोरीच्या, अर्धं आयुष्य रानात राबलेल्या. भावाच्या शेतातून त्यांनीच वेलाचे तुकडे आणून दिले आणि दोन वरंबेही ओढून दिले. आमच्या नळाला चार दिवसांआड पाणी येतं, तेही नेमकं मी नसताना. म्हणून मागच्या फाटकाची एक किल्ली मी त्यांच्याकडे ठेवली.

"निवांत जावा बाई. मी घालते की पाणी," त्या म्हणाल्या.

निवांत जाणं माझ्या रक्तात नाही. दिवाळीनंतरच्या एका शनिवारी बघते तर भिंतीकडं पसरलेले वेल उचलून वरंब्याच्या दुसऱ्या बाजूला टाकलेले. पुढच्या शनिवारी पुन्हा भिंतीकडं. मनात पाल चुकचुकली. वेल उचलल्याशिवाय खालची माती दिसत नाही आणि ती माती कुणाला कशाला बघायची असेल? पुढं तर बुडाशी भेगाही दिसायला लागल्या, कुणी खुरपं घालून चाचपून बघावं तशा.

त्यातच एका रविवारी मावशींच्या स्वयंपाकघरातून उकडलेल्या रताळ्यांचा वास आला. त्या दिवशी ना एकादशी ना चतुर्थी. मावशींचं घर बौद्ध, त्यांच्याकडे आमच्यासारखे उपास नसतात. आमच्या घरात रताळं शिजायचं ते उपासालाच, त्यामुळं उपासावाचून कुणी रताळी उकडतं हेच माझ्या डोक्यात बसेना. झालं! मला पुरावा मिळाला.

मग मी छडा लावायला घेतला. एका वरंब्याभोवती जाळी बांधून घेतली. दुसरा मोकळा ठेवला, आमिष म्हणून, आणि त्याच्या वेलांवर चार पांढरे खडे ठेवले. मावशींना सांगितलं, "कोंबड्या उकरतात म्हणून जाळी लावली. तिथं बाहेरूनच पाईप सोडत जा."

"कोंबड्या? आपल्या गल्लीत कुणाच्या हायेत?" त्यांनी विचारलं. मी जाळीची गाठ आवळायला वाकले.

शनिवारी आले तर मोकळ्या वरंब्याचे वेल उलटलेले आणि चारही खडे वरंब्याच्या टोकाला ओळीनं मांडून ठेवलेले. चोर कधी एवढा टापटीप असतो का, हा साधा प्रश्न मला पडायला हवा होता. मला वाटलं, ही बाई मला चिडवते आहे. तसे चार-पाच शनिवार मी दात-ओठ खात काढले. शेवटी एकदा राहवलं नाही. मावशी अंगण झाडत होत्या. मी दोन घरांमधल्या बुटक्या भिंतीपाशी जाऊन विचारलं, "मग मावशी, रताळी गोड निघाली का?"

"भावाकडची का? लय गोड हायेत. देऊ का दोन?" त्या हसून म्हणाल्या. मग त्यांनी माझ्या तोंडाकडं पाहिलं आणि त्यांचं हसू गेलं. झाडणी तशीच टाकून त्या आत गेल्या, बाहेर आल्या आणि किल्ली भिंतीवर ठेवली.

"घ्या, बाई."

मी घेतली. खरं सांगायचं तर तेव्हा मला जिंकल्यासारखं वाटलं.

आठवडाभरातच महाशिवरात्र आली, तिच्या आदल्या दिवशी मी कुदळ घेतली. आधी मोकळा वरंबा. वेल हातात धरला तर अंथरुणावरची चादर उचलावी तसा अलगद उठून आला. जिथं जिथं भेग होती, तिथं तिथं खाली मनगटाएवढं रताळं. त्यांनीच फुगून माती फोडली होती. एकही बूड रिकामं नव्हतं. मग जाळी सोडली. तिथले वेल उठेनातच. पेरापेराला मुळ्या फुटून त्या जमिनीत घुसल्या होत्या, ओढल्या की चरचर तुटत होत्या. खाली करंगळीएवढी काडकं आणि नुसते तंतू. पाणी दोन्हींना सारखंच मिळालेलं. फरक एकच, हा वरंबा माझ्या राखणीत होता.

मी तिथंच मातीत बसले. मला स्वतःची किळस आली.

संध्याकाळी चांगली रताळी टोपलीत घालून मावशींच्या दारात गेले. माफी मागायची म्हणून वाक्यं जुळवून ठेवली होती, त्यातलं एकही आठवेना. "मावशी, मी चुकले," एवढंच म्हणाले.

त्यांनी टोपलीतलं एक रताळं हातात फिरवून बघितलं. "येल उलटून टाकावं लागतेत, बाई. न्हाईतर पेरापेराला मुळ्या धरतेत आन् खाली काईच भरत न्हाई. मला वाटलं तुमाला ठाऊक असंल."

टोपली त्यांनी ठेवून घेतली. मला जरा धीर आला. मी पदराच्या गाठीतली किल्ली सोडून पुढं केली.

"ती राहू द्या तुमच्याकडंच," त्या शांतपणे म्हणाल्या.

यंदाही मी रताळी लावली आहेत. पाणी मावशीच देतात, भिंतीवरून पाईप टाकून. रविवारी मी वेल उलटायला बसते तेव्हा त्या पलीकडून बघत असतात. "तसं न्हाई, बुडापासनं उचला," असं सांगतात, हसतातही. एकदा मी म्हटलं, "मावशी, या ना आत, दाखवा की करून." त्यांनी दोन्ही हात भिंतीवर ठेवले, मला दिसतील असे, आणि म्हणाल्या, "हितूनच दिसतंय मला."