कापलेली शेवटची गाणी

कळंबच्या ज्या मोबाइलच्या दुकानात मी कामाला होते, तिथे मेमरी कार्ड भरून देताना आमचा एक शिरस्ता होता. पिक्चरची सुरुवातीची आणि शेवटची नावं उडवायची. तेवढ्याच जागेत एखादा पिक्चर जास्त बसतो, गिऱ्हाईक खूश. या कामात माझा हात कोणी धरू शकत नव्हतं.

धाकट्या बहिणीला सिकलसेल आहे, रक्ताचा जन्मजात आजार. गेल्या वर्षी तिचं अंग असं ठणकायला लागलं की यवतमाळच्या दवाखान्यात भरती करावं लागलं. तिला जपानी अॅनिमेचं, म्हणजे तिकडच्या कार्टून मालिकांचं वेड. वॉर्डात नेट धड चालेना, म्हणून मी एक आख्खी मालिका कार्डात भरून नेली आणि सवयीने प्रत्येक भागाच्या शेवटचं गाणं कापलं. दीड मिनिटाचं जपानी गाणं, एक अक्षर कळत नाही. ते कशाला हवं?

दोन दिवसांत तिने सगळं बघून संपवलं. मी कौतुकाची वाट बघतेय, तर ही तोंड फिरवून पडलेली.

"ताई, गाणी काहून कापली वं?"

"जास्त भाग बसावे म्हणून."

"त्या हिरो पोराची आई मरते, अन् लगेच पुढच्या भागात तो शाळेत चालला. रडाले जागाच नाही ठेवली तू."

मला रागच आला. रोज बसने हेलपाटे घालायचे, डबा आणायचा आणि वर हे ऐकून घ्यायचं! पण परतताना तिचं बोलणं डोक्यातून जाईना. घरातही मी हेच करत आले होते. ती आजाराबद्दल बोलायला लागली की मी मध्येच म्हणायचे, "सोड ते, जेवली काय?" मला तिचं रडणं बघवत नाही, एवढंच खरं.

दुसऱ्या दिवशी गाण्यांसकट भाग नेले. थोडे कमी बसले. दुपारी तिच्या खाटेवर बसून, एकेक इयरफोन कानात घालून आम्ही तोच भाग लावला. त्या पोराच्या हातातून आईचा हात सुटला आणि तो प्रसंग चालू असतानाच गाणं हळूच सुरू झालं. मग नुसतं रिकामं अंगण आणि वर सरकणारी नावं. बहीण रडायला लागली. गाणं पुढे ढकलायला माझा अंगठा सवयीने स्क्रीनकडे गेला, तो मी मागे घेतला.

"ताई, मी बरी होईन काय वं?"

जेवणाचं विचारायचं अगदी ओठांवर आलं होतं.

"मले नाही माहीत," मी म्हणाले आणि मलाही रडू फुटलं. गाणं अजून संपायचं होतं.