साळुंकीच्या पिसातला परका किडा

बेटेगावचा जिवल्या पाखरं धरण्यात वाकबगार. लहानपणी फास लावून धरायचा ती खाण्यासाठी. चाळिशीत मात्र त्याच हातांनी धरून सोडून द्यायला लागला. गावाला हसायला तेवढं निमित्त पुरलं. "जिवल्या पाखरांच्या उवा काढतो," असं लोक म्हणत, आणि ते अगदीच खोटं नव्हतं.

उवा नव्हेत, किडे. पालघरच्या कॉलेजातले सावे सर त्यांचा अभ्यास करत, जिवल्या त्यासाठीच पाखरं धरून द्यायचा. सर त्यांना माइट म्हणत. पंख उजेडात धरला की पिसाच्या दांडीलगत बारीक ठिपके दिसायचे. पिसांवरचं तेल खायचं आणि तिथंच जन्म काढायचा. पाखराला त्यांचा त्रास नाही. सर सांगत, बहुतेक किड्यांचं पाखरू ठरलेलं असतं. साळुंकीचा किडा साळुंकीवर, कुकुडकुंभ्याचा कुकुडकुंभ्यावर. म्हणून एकाचा किडा दुसऱ्यावर जाऊ नये यासाठी शनिवार-रविवार जाळ्यात सापडलेलं प्रत्येक पाखरू वेगळ्या पिशवीत ठेवायचं आणि संध्याकाळी सगळ्या पिशव्या उकळायच्या, हा सरांचा कडक नियम.

उकळायचं काम जिवल्याच्या बायकोचं, नवसीचं. मांजरपाटाच्या त्या बारा पिशव्या ती हंड्यात टाकायची आणि रात्रभर चुलीजवळ वाळवायची. "माणसांचं धुणं कमी पडलं, म्हणून आता पाखरांचं," असं कुरकुरायची. पण तीन वर्षांत एकदाही चुकली नाही.

सत्त्याऐंशीच्या थंडीत नवसी तापाने पडली आणि पाच दिवसांत गेली. तो मंगळवार होता. शनिवारी जिवल्या जाळी घेऊन माळावर हजर. लोक म्हणाले, माणूस आहे की दगड. त्यालाही स्वतःबद्दल तसंच वाटत होतं. रडू येईल म्हणून त्याने वाट पाहिली, ते आलं नाही. शेजारची रखमा भाकरी ठेवून जायची, ती तो खायचा. चव लागायची नाही. जाळी बांधायची हातांना सवय होती, म्हणून हात बांधत होते. सर स्कूटरवरून थेट माळावर यायचे आणि तिथूनच परत जायचे. त्यांना कुणी काही सांगितलं नाही, जिवल्याने तर नाहीच.

त्या शनिवारी कुकुडकुंभा सापडला. संध्याकाळी पिशव्या खुंटीला तशाच लटकत राहिल्या. रविवारी सकाळी त्याच पिशवीत साळुंकी गेली.

पुढच्या शनिवारी सर आले ते स्कूटर धड उभी न करताच.

"जिवल्या, तुझ्या साळुंकीवर कुकुडकुंभ्याचा किडा निघाला. चारदा बघितलं मी. असं आजवर कुणी लिहिलेलं नाही. सोमवारी मुंबईला लेख पाठवतो, त्यात तुझंही नाव घालतो."

जिवल्याला लगेच उमगलं. गप्प राहिलं तर सरांच्या नावावर खोटं छापून येणार. बोलायचं तर सर विचारणार, पिशवी का उकळली नाही. आणि त्याचं उत्तर एकच होतं. गावात सगळ्यांना ठाऊक होतं, म्हणून ते वाक्य त्याला कुणापुढे म्हणावंच लागलं नव्हतं.

तो बराच वेळ जाळ्याची दोरी ताणत राहिला.

"सर, नका पाठवू. पिशवी आदल्या दिवशीची होती. कुकुडकुंभ्याची. उकळली नाय."

सरांचा चेहरा उतरला. मग राग आला. तीन वर्षांत एवढी एकच मोठी गोष्ट हाती लागली होती, तीही गेली.

"कितीदा सांगितलं होतं मी. एक वेळ भाकऱ्या थापू नका, पण पिशव्या उकळा. नवसीला साधं एवढं काम—"

"तिला बोलू नका, सर." जिवल्याने पहिल्यांदाच सरांचं बोलणं तोडलं. "तिची चूक नाय. ती कधी चुकली नाय. ती ऱ्हायली नाय, सर. अकरा दिस झाले."

म्हटलं ते त्याच्याच कानांनी ऐकलं, आणि तो माळावरच खाली बसला.

जाळ्यात एक बुलबुल फडफडत होता. तो सोडवायला सरांनाच जावं लागलं, कारण जिवल्या पिशव्यांचा गठ्ठा तोंडाशी धरून रडत होता.