मावशीच्या पाटीतलं लिंबू

चोरी पचवायला जी अक्कल लागते, ती आमच्या समोरच्या काकांना द्यायला देव साफ विसरला होता. पालघरची आमची सगळी गल्ली सकाळी बोईसरच्या कारखान्यांत जाई आणि संध्याकाळी रिकाम्या हातानं परतणं अपशकुनी मानी. कुणाच्या जेवणाच्या डब्यातून खिळे येत, कुणाच्या पोटरीला गुंडाळून तार. गल्लीतल्या सगळ्या फाटकांचा रंग एकच, कंपनीच्या टाक्यांचा हिरवा! त्याबद्दल कुणाला साधी उचकीही लागत नसे. आणि काका? कानावर राहिलेली कंपनीची पेन्सिल परत करायला संध्याकाळी पुन्हा बोईसरला गेलेला माणूस. "डोक्यानं अर्धवट आहे," असं गल्लीचं एकमत होतं.

अशा माणसानं एका श्रावणात सुका बोंबील चोरला. श्रावणात काकूंच्या घरात मासळीचं नाव काढायची सोय नव्हती. पण दातिवऱ्याहून एसटीनं सुकी मासळी विकायला येणारी मावशी काही थांबत नसे, आणि निघताना पाटी तिच्या डोक्यावर चढवून देण्याचं काम काकांनी आपणहून अंगावर घेतलेलं. त्या दिवशी पाटी नाकासमोरून वर गेली आणि हातानं दगा दिला. मावशी वळेपर्यंत बोंबील काकांच्या छत्रीत!

पुढं त्या बोंबलानं काकांना जे छळलं, तसं शनीनंही कुणाला छळलं नसेल. शिजवता येईना, टाकवेना. "अहो, तोंड वासून बघतोय माझ्याकडं," मला अंगणात ओढून ते कुजबुजले, "आता हाक मारील!" बोंबील वाळत घालताना एकाच्या जबड्यात दुसऱ्याचा जबडा अडकवतात, हे मी भोळेपणानं बोलून गेलो. झालं! काकांना तो दुसरा दिसू लागला, पाटीतून मान काढून जोडीदाराला शोधणारा. अशात एसटी स्टँडवर पावसाची सर आली, काकांनी छत्री उघडली आणि बोंबील थेट त्यांच्या साहेबाच्या बुटावर पडला. मांजरानं लगेच पळवला म्हणून अब्रू वाचली.

पुरावा गेला तरी मन काही सोडीना. दुसरा बोंबील विकत घेऊन भरपाई करावी, तर काकू! शेवटी त्यांनी परसातलं लिंबू तोडलं, देवापुढं ठेवलं, त्याला कुंकू लावलं आणि पुढच्या खेपेला पाटी चढवताना हळूच आत सोडलं. त्यांच्या लेखी ते प्रायश्चित्त होतं. मावशीनं घरी जाऊन पाटी उपसली, तर आत कुंकू लावलेलं लिंबू! त्यातच तिचा नातू तापानं फणफणला. आपल्यावर करणी झाली, या भीतीनं ती गल्लीत पाऊल टाकीना.

ही बातमी येताच हिरव्या फाटकांची सभा भरली. "असला पापी गल्लीत नको, सापडला की हाकला!" असं तार गुंडाळणारेच तावातावानं ओरडत होते. काका कोपऱ्यात घाम पुसत बसले होते. मला त्यांची फार दया आली.

दुसऱ्या दिवशी मला सोबत घेऊन त्यांनी बाजारात मावशीला गाठलं, चपला काढल्या आणि हात जोडले. "मावशी, लिंबू माझं. बोंबील पण माझाच... म्हणजे तुमचाच, मी चोरलेला."

मावशी बघतच राहिली. "तुमी? आनि मना वाटला कोनाची करनी हाय! पोराचा ताप उतरला तरी माझी झोप उडाली नं भाऊ! मेला एक बोंबील, मागला असता तं नसता दिला आमी?" असं म्हणून ती इतकी हसली की तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. काकांच्या तर आधीच आलं होतं.

तेव्हापासून पाटी उचलण्याआधी ती एक बोंबील काकांच्या हातावर ठेवी. "आधी तुमचा घ्या." काका कानापर्यंत लाल होत आणि घेत. श्रावणात तोच बोंबील गुपचूप आमच्या घरी शिजे.

पुढं काका निवृत्त होऊन साताऱ्याकडं गावी गेले. मावशी आली, सवयीनं त्यांच्याच पायरीशी टेकली. दाराला कुलूप. निघताना मी पाटीला हात लावायला वाकलो, तशी तिनं बोंबील काढला, माझ्याकडं पाहिलं आणि परत पाटीत ठेवला.

"ऱ्हाऊ दे," ती म्हणाली, "तुमी नाय चोरनार."

माझ्या प्रामाणिकपणाचं इतकं वाईट मला कधीच वाटलं नव्हतं.