खुर्च्या मांडणारा

इंग्लंडात बेसिंगस्टोकला आमचं मराठी मंडळ शाळेचा हॉल भाड्याने घेतं आणि त्या हॉलमधल्या खुर्च्या गेली नऊ वर्षं मी मांडतो. कार्यक्रम संपला की आठ-आठच्या चळती करून भिंतीला लावायच्या, नाहीतर केअरटेकर कुरकुरतो. हे काम मला कोणी दिलं नव्हतं. पहिल्या गणपतीला मी सगळ्यांच्या आधी पोचलो, एवढीच माझी चूक.

माझ्या मित्राने यावर फिल्म काढली, अकरा मिनिटांची. एक माणूस रिकाम्या हॉलमध्ये खुर्च्या मांडतो, कोणीच येत नाही, तो त्या उचलतो आणि पुन्हा मांडायला लागतो. बस, एवढंच. आणि कल्पना माझी! एकदा ग्लासगोहून परतताना गाडीत मीच त्याला म्हणालो होतो, "माझ्यावर सिनेमा काढ रे, फुकटात हीरो मिळेल." तेव्हा तो नुसता हसला. नंतर हीरो म्हणून त्याने एक गोरा नट घेतला.

रविवारी दुपारी मंडळात ती फिल्म दाखवली. खुर्च्या अर्थात मीच मांडल्या होत्या. पडद्यावर तो नट एकेक खुर्ची छातीशी धरून नेत होता. असं कोणी नेतं का? एका वेळी चार तरी न्यायच्या, नाहीतर दिवस पुरत नाही. पण लोक भारावलेले. शेजारी बसलेल्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "अहो, कामाचं मीनिंगलेस असणं किती करेक्ट पकडलंय!" नऊ वर्षांत या बाईंनी स्वतःची खुर्चीसुद्धा कधी उचलली नव्हती. माझा नुसता जळफळाट होत होता. शेवटच्या पाट्यांमध्ये मी डोळे फाडून माझं नाव शोधलं. आभार केअरटेकरचे मानले होते.

टाळ्या थांबल्यावर सगळे मित्राभोवती जमले. मी मुद्दाम आवाज करत खुर्च्या उचलायला लागलो. तेवढ्यात तोच गर्दीतून माझ्याकडे धावत आला. वाटलं, आता तरी सगळ्यांसमोर म्हणेल की ही गोष्ट याची आहे.

"थांब, थांब," तो फोन काढत म्हणाला. "दोन शॉट रीशूट करायचेत. तू कसा उचलतोस ते त्या नटाला दाखवतो. खाली ठेव आणि परत उचल. एकदम स्लोली."

चांगलं सुनावावं म्हणून मी तोंड उघडलं. मग चारही खुर्च्या खाली ठेवल्या, शर्ट नीट खोचला आणि विचारलं, "चेहरा येतोय ना?"