शनिवारचा घाणा

आमच्या रेवदंड्याच्या आळीत रोज कुणाचं ना कुणाचं दुकान बंद असतं. शुक्रवारी दुपारी समोरचे बेकरीवाले चाचा नमाजाला जातात. रविवारी खाडीपलीकडच्या कोर्लईहून मासळी आणणारी बाई येत नाही. ती चर्चमध्ये असते, आणि घरी ती जी बोली बोलते ती पोर्तुगीजांच्या जहाजांतून इथं उतरलेली आहे. माणगावचे आमचे सोयरे, तेलाच्याच धंद्यातले, सोमवार पाळतात. आणि आमचा तेलाचा घाणा शनिवारी बंद असतो. खरं तर आम्ही हिंदू. शनिवारी मारुतीला वाहायच्या तेलासाठी गावानं आमच्याकडे यावं, तर आमच्याच दाराला कडी. गाव बिचारं मारुतीचं तेल शुक्रवारी दिवस मावळायच्या आत नेऊन ठेवतं, आणि यात कुणाला काही विचित्र वाटत नाही.

घाणा मुळात आमचा नव्हता. तो एका बेने इस्रायल कुटुंबाचा, म्हणजे आपल्या कोकणातल्या ज्यू लोकांचा. त्यांचे पूर्वज गलबत फुटून नवगावच्या किनाऱ्याला लागले असं सांगतात. ते इथं तेल गाळू लागले, मराठी बोलू लागले, त्यांच्या बायका नऊवारी नेसू लागल्या. शनिवार तेवढा, शुक्रवारी दिवस मावळल्यापासून शनिवारी चांदण्या दिसेपर्यंतचा त्यांचा विसाव्याचा दिवस, त्यांनी सोडला नाही, म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणत. माझे आजोबा त्यांच्याकडे कामाला होते. ते कुटुंब इस्रायलला निघालं तेव्हा मालकांनी घाणा आजोबांच्या स्वाधीन केला आणि एवढंच मागितलं, की शनिवारी बैल जुंपायचा नाही. आजोबांनी शब्द दिला. आजोबा गेल्यावर तो शब्द घाण्याबरोबर बाबांकडे आला.

मला त्याचा राग यायचा, खोटं कशाला सांगू? दुकान मी सांभाळते. हल्ली बैलघाण्याच्या तेलाला शहरातले लोक हसत हसत दुप्पट भाव देतात, आणि ते येतात कधी, तर शनिवारी. त्यांच्या गाड्या आळीच्या तोंडाशी अडकलेल्या असतात आणि आमचा बैल गोठ्यात रवंथ करत असतो. मी वाद घातला की बाबा म्हणत, "मला कशाला विचारतेस? बैलाला विचार." एकदा मी खरंच बैलाला उठवायला गेले होते. त्यानं माझ्याकडे असं पाहिलं की मीच गुमान परत आले.

गेल्या थंडीत अशाच एका शनिवारी दुपारी दारात टॅक्सी थांबली. पांढऱ्या केसांची, काठी टेकणारी एक बाई उतरली आणि तिच्यामागे तिचा उंच नातू. मी तोंडपाठ झालेलं वाक्य म्हटलं, "आज बंद आहे हो." बाईनं काठीनं उंबरठा चाचपला. म्हणाली, "हा उंबरठा उंच होता. कोणी तासला?"

इस्रायलला गेलेल्या मालकांची ती मुलगी होती. इतकी वर्षं परदेशात राहूनही तिचं मराठी आमच्यापेक्षा जुनं आणि आमच्यापेक्षा गावचं होतं. बाबा आतून आले तशी ती म्हणाली, "तुला मी कडेवर घेऊन समुद्रावर नेलाय. लई जड होतास." बाबांना तिचा चेहरा आठवत नव्हता, पण ते एकदम लहान झाले आणि तिला ताई म्हणू लागले.

चहा झाला. मग कशासाठी आली ते तिनं सांगितलं. डोळे जवळजवळ गेलेच होते, आता कानही जाऊ लागले होते. ते जायच्या आत तिला हा घाणा फिरताना ऐकायचा होता. त्याच्याच आवाजावर ती लहानाची मोठी झाली होती. दुसऱ्या दिवशी विमान होतं, संध्याकाळची मांडव्याहून मुंबईला जाणारी बोट गाठायची होती, आणि या वयात परत येणं काही व्हायचं नव्हतं. "जुंप बैल," ती म्हणाली. "थोडा वेळच."

बाबांनी गोठ्याकडे पाहिलं. मग अगदी हळू म्हणाले, "ताई, आज शनिवार हाय."

"माहीत हाय मला."

"तुमच्या वडलांना शब्द दिलाय."

"माझेच वडील ना? मग मी सोडवते तुला."

"तुम्हाला दिला असता तर तुम्ही सोडवला असता," बाबा म्हणाले. "ज्यांनी दिला ते न्हाईत, ज्यांना दिला तेही न्हाईत. आता कोण सोडवणार?"

माझा जीव नुसता तळमळत होता. म्हातारी एवढ्या लांबून आली होती आणि बाबा हटून बसले होते. मी त्यांना बाजूला घेऊन काय वाटेल ते बोलले. त्यांचे डोळे भरले होते, पण मान काही हलेना.

बाईनं चहाचा कप चाचपत खाली ठेवला. मग म्हणाली, "तुम्ही उघडता कधी?"

"चांदण्या दिसल्या की."

"किती?"

"तीन."

ती काठी मांडीवर आडवी घेऊन तशीच बसून राहिली. नंतर नातवाशी त्यांच्या भाषेत काहीतरी बोलली. त्यानं मोबाइलवर वेळ दाखवली, हात नाचवले, शेवटी टॅक्सीवाल्याला थांबायला सांगायला गेला. बोट सुटली तर पेणवरून रस्त्यानं जायचं ठरलं. "आमच्या घरात तिकडं शनिवारी टीव्ही चालतो, गाडी चालते," ती मला म्हणाली. "मी पण आज गाडीतनंच आले की. आमच्यात कुणी पाळत न्हाय आता. आमच्या शास्त्रात तर बैलाला पण सुट्टी सांगितलीय." आणि ती गोठ्याच्या दिशेनं पाहून हसली.

आम्ही मागच्या अंगणात बसलो. पलीकडे किल्ल्याच्या तटाला टेकून माडांची वाडी आहे. इथं बंदर होतं तेव्हा घोडे उतरत, रेशीम चढे, कुठकुठल्या भाषांतून भाव होत. पुढं गाळानं बंदर बुजलं. राज्यं आली नि गेली, तटाच्या चिऱ्यांतून वड उगवले. आणि बुडत्या गलबतातून जीव वाचवून आलेल्या माणसांनी बरोबर आणलेला एक दिवस आमच्या गोठ्यात, आमच्या बैलाच्या अंगवळणी पडून जिवंत होता. ज्यांचा तो दिवस, त्यांच्या लेकीला तो इथं येऊन सापडत होता. मी जन्मभर त्याला दुकानाची सुट्टी समजत होते.

उजेड उतरला. बाई म्हणाली, "मला काय दिसायचं न्हाय. तू मोज."

बाबा वर पाहत उभे राहिले. माडाच्या शेंड्यावर पहिली दिसली, ती त्यांनी सांगितली. थोड्या वेळानं दुसरी. तिसरी मला दिसली होती आणि नातवालाही. त्यानं बोटसुद्धा दाखवलं. पण बाबा ढिम्म. ती चांगली ठळक होईपर्यंत ते थांबले, मग म्हणाले, "झाल्या, ताई."

त्यांनी बैल आणला, त्याच्या डोळ्यांना झापडं बांधली, खोबऱ्याच्या वाट्या घाण्यात टाकल्या. बैलानं पहिलं पाऊल उचललं आणि दिवसभर गप्प राहिलेलं लाकूड लांब, जाड आवाजात कण्हलं. बाईनं काठी खाली टाकली. दोन्ही हात कानांमागे धरून ती ऐकत राहिली, आणि गालावरून पाणी वाहू लागलं तरी तिनं पुसलं नाही.

"हाच," ती म्हणाली. "बाकीच्या दिवशी बैल पहाटे जुंपायचे, तेव्हा आम्ही झोपलेले. शनिवारी रात्री मात्र आई दिवा लावायची, आम्ही दारात बसायचो, आणि बाप हा असा पहिला फेरा काढायचा. दुपारी जुंपला असतास तर मला हा मिळाला नसता रे."

बाबांनी बैलाच्या पाठीवर हात ठेवला. ते बैलामागून चालत राहिले.

निघताना तिनं माझा हात घट्ट धरला. तिला माझा चेहरा दिसत नव्हता, तरी तिनं माझ्याकडेच तोंड वळवलं. "तुझ्या बापामागं कोण हाय?"

समोरच्या रस्त्यावर मुंबईच्या गाड्या अजून एकामागे एक उभ्या होत्या.

"मी आहे, आत्या," मी म्हटलं.